‘ट्रंकेटेड’ म्हणजे नेमकं काय कापलेलं?

गेल्या महिन्यात मामांचा एक चेक बँकेच्या काउंटरवरूनच परत आला. मामांचा करवीर तालुक्यात ऊस आहे, घरचं गुऱ्हाळ आहे. गुळाचे पैसे एका व्यापाऱ्यानं चेकनं दिले होते आणि अक्षरी रकमेत आधी ‘पस्तीस’ लिहून, ते खोडून, वर ‘छत्तीस’ केलं होतं. काउंटरवरच्या मुलीनं चेक मागे सरकवला आणि म्हणाली, “काका, सीटीएसमध्ये खाडाखोड चालत नाही. नवीन चेक घेऊन या.”

बाहेर आल्यावर मामांनी विचारलं, “सीटीएस म्हंजे काय रं?”

“चेक ट्रंकेशन सिस्टिम.”

“आणि ट्रंकेशन?”

“कापणं. छाटणं.”

मामांनी खिशातला चेक पुन्हा काढला, उलटसुलट करून बघितला. “मग ह्यो तर चारी बाजूंनी धड हाय की. कुठं कापलाय?”

प्रश्न अगदी रास्त होता, आणि रस्त्यात उभं राहून मी त्याचं नीट उत्तर देऊ शकलो नाही. ‘ट्रंकेट’ हे क्रियापद आणि ‘ट्रंकेटेड’ हे विशेषण आज आपल्याला बँकेत, भूमितीच्या वर्गात, कॉम्प्युटरच्या स्क्रीनवर, शेअर बाजाराच्या बातम्यांत, सगळीकडे भेटतं. शब्दकोश उघडला तर ‘कापून लहान केलेला’ एवढाच अर्थ मिळतो. तो चुकीचा नाही, पण तेवढ्यानं शब्द हाताला लागत नाही. तोकडा शर्ट ट्रंकेटेड नसतो. अर्धवट राहिलेलं घरही ट्रंकेटेड नसतं. मग काय असतं?

त्यासाठी रानात जावं लागेल.

लॅटिनमध्ये ‘ट्रुंकुस’ असा शब्द आहे. नाम म्हणून त्याचा अर्थ झाडाचं खोड. शेंडा आणि फांद्या बाजूला केल्या की जे उरतं ते. त्याच शब्दाचा दुसरा अर्थ माणसाचं धड, म्हणजे डोकं आणि हातपाय वगळून उरलेलं शरीर. आणि विशेषण म्हणून वापरला तर तोच शब्द ‘छाटलेला’, ‘अवयव तोडलेला’ असा अर्थ देतो. त्यावरून ‘ट्रुंकारे’ हे क्रियापद झालं, म्हणजे छाटणं, आणि ‘ट्रुंकातुस’ म्हणजे छाटलेला. इंग्रजीनं पंधराव्या शतकाच्या अखेरीस तो उचलला आणि ‘ट्रंकेट’ केला.

रोमन माणसाच्या नजरेतून बघा. खोड ही त्याच्या लेखी मुळातच ‘वरचं काढून टाकल्यावर उरलेली’ वस्तू आहे. खोड आणि छाटणं हे दोन अर्थ एका शब्दात नांदतात याचं त्याला नवल नव्हतं. आणि आपल्यालाही वाटायला नको, कारण मराठीत आपण ‘खोड’ म्हणतो आणि शेजारीच ‘खोडणं’ म्हणतो. लिहिलेलं काटायचं असेल तर खोडायचं, खूप ठिकाणी काटलं असेल तर खाडाखोड. ऊस तोडल्यावर जमिनीत बुडखा राहतो, त्याला पुन्हा फुटवे येतात आणि त्या पिकाला आपण खोडवा म्हणतो. बँकेतल्या मुलीनं मामांना ‘खाडाखोड’ चालत नाही असं सांगितलं तेव्हा ती नकळत त्या लॅटिन शब्दाच्या अगदी दाराशी उभी होती.

‘धड’ शब्दात मात्र मराठी आणि लॅटिन दोन टोकांना जातात, आणि मला ही गंमत फार आवडते. आपल्याकडेही धड म्हणजे डोकं वगळून उरलेलं शरीर. पण त्याच उच्चाराचं विशेषण मात्र नेमकं उलटं सांगतं: धड म्हणजे शाबूत, नीट, अखंड. ‘एक ना धड, भाराभर चिंध्या’ म्हणतो तेव्हा हाच धड असतो, आणि मामांनी चेक बघून तोच वापरला. लॅटिनला धडाकडे बघताना काय गेलं ते दिसलं. आपल्या शब्दात काय टिकून आहे ते ऐकू येतं.

ट्रुंकुसची इंग्रजी पोरंबाळं आपल्या घरात कधीचीच राहायला आली आहेत. माळ्यावरची लोखंडी ट्रंक घ्या. इंग्रजीत ट्रंक म्हणजे खोड, आणि पेटीला तेच नाव पडलं कारण जुन्या पेट्या झाडाचं खोड कोरून केल्या जात. एसटीडीच्या आधीच्या काळात मुंबईला बोलायचं तर ट्रंक कॉल लावावा लागे. तिथं ट्रंक म्हणजे मुख्य लाइन, जिच्यातून पुढं फांद्या फुटतात. ग्रँड ट्रंक रोडमध्येही तेच खोड आहे. कुणाच्या मेडिकल रिपोर्टवर ‘ट्रंकल ओबेसिटी’ दिसलं तर घाबरू नका, तिथं काहीही कापलेलं नाही. धडावर, म्हणजे पोटाभोवती, चरबी साठली आहे एवढंच. आणि कोल्हापूरच्या उद्यमनगरातल्या कुठल्याही जुन्या कामगाराला माहीत असलेला ‘रिट्रेंचमेंट’ हा कपातीचा शब्द फ्रेंचमधल्या कापण्याच्या क्रियापदातून आला आहे, ज्याचं मूळही याच ट्रुंकारेमध्ये मानलं जातं. खंदकाला ‘ट्रेंच’ म्हणतात ते त्याच वाटेनं आलेलं, जमीन कापून केलेला चर म्हणून.

आता अर्थाकडे. माझ्या मते ‘ट्रंकेटेड’ म्हणायला तीन गोष्टी एकत्र लागतात. आधी एक पूर्ण वस्तू असावी लागते, प्रत्यक्षात किंवा निदान डोळ्यांपुढं. मग ती एका टोकाला तोडलेली असावी लागते, अशी की कुठं तोडली ते दाखवता येतं. आणि उरलेला भाग आपल्या बुडावर उभा असावा लागतो. अर्धवट घर कधी पूर्ण नव्हतंच, म्हणून ते यात बसत नाही. तोकडा शर्ट मुळातच तसा शिवलेला असतो. पण रंगात आलेली मॅच साठाव्या मिनिटाला पावसानं थांबवली, तर ती ट्रंकेटेड. ठरलेले दिवस पुरे न करता विधानसभेचं अधिवेशन गुंडाळलं, तर तेही.

हे सगळ्यात स्वच्छ दिसतं ते गुऱ्हाळात.

मामांच्या गुऱ्हाळात हंगामात पहाटेपासून चुलवाण धडधडत असतं. काहिलीत रस उकळतो, वर आलेली मळी काढत राहावी लागते, आणि गुळव्या अधूनमधून पाकाचा थेंब गार पाण्यात टाकून बोटांनी गोळी होते का बघतो. गोळी जमली की काहील उतरते, पाक वाफ्यात ओतला जातो आणि फावड्यानं घोटला जातो. घट्ट व्हायला लागला की आत कापड घातलेल्या, बादलीच्या आकाराच्या साच्यांत भरतात. गार झाल्यावर साचा जमिनीवर पालथा मारतात, कापड सोडतात, आणि गुळाचा रवा, म्हणजे ढेप, उभा राहतो: बूड रुंद, वर निमुळता, पण टोक नाही. माथा सपाट, हात फिरवला तर थंड आणि किंचित चिकट.

हा आकार म्हणजे ट्रंकेटेड कोन. दहावीच्या भूमितीच्या पुस्तकात त्याला शंकुछेद म्हटलं आहे, आणि हे मला मराठीतलं फार नेटकं भाषांतर वाटतं. शंकू म्हणजे टोपी. त्या टोपीचा शेंडा बुडाला समांतर कापला की खाली राहतो तो शंकुछेद. रव्याच्या वर खरं तर कधी टोक नव्हतंच, कुणी सुरी घेऊन कापलेलं नाही. पण रव्याच्या तिरक्या कडा मनानं वर वाढवत नेल्या तर त्या एका ठिकाणी भेटतात. ते न बनलेलं टोक डोळ्यांपुढं आलं की हिशेब सोपा होतो.

समजा रव्याची उंची ३० सेंटिमीटर, बुडाची त्रिज्या १५ आणि माथ्याची १० सेंटिमीटर. ३० सेंटिमीटर वर चढताना त्रिज्या ५ नं घटली, म्हणजे १५ ची शून्य व्हायला ९० सेंटिमीटर लागतील. पूर्ण शंकू ९० उंच, कापलेला शेंडा ६० उंच. मोठ्या शंकूच्या घनफळातून शेंड्याचं घनफळ वजा केलं की रवा हातात येतो: सुमारे १४,९२३ घन सेंटिमीटर, पंधरा लिटरला जरा कमी. पुस्तकातलं सूत्र, म्हणजे दोन्ही त्रिज्यांचे वर्ग आणि त्यांचा गुणाकार मिळवून उंचीनं आणि ‘पाय’नं (π) गुणायचं, मग तिनानं भागायचं, हे या वजाबाकीचंच नीट मांडलेलं रूप आहे. मुलं ते पाठ करतात आणि पेपरात घोळ घालतात. बऱ्याच जणांना वाटतं की मधली त्रिज्या, साडेबारा, धरून सरळ नळकांड्यासारखं मोजलं तरी चालेल. तसं केलं तर उत्तर जवळपास २०० घन सेंटिमीटर कमी येतं. गुळाच्या भावात ते फुकट जाऊ द्यायची वस्तू नाही.

ही आकडेमोड फार जुनी आहे. आज मॉस्कोत असलेल्या एका इजिप्तच्या पपायरसवर, इसवी सनापूर्वी साधारण १८५० च्या सुमाराचा, शेंडा कापलेल्या पिरॅमिडचं गणित सोडवून दाखवलं आहे. उंची ६, बुडाची बाजू ४, माथ्याची २. चार चोक सोळा, चार दुणे आठ, दोन दुणे चार; बेरीज २८. उंचीचा तिसरा हिस्सा २. उत्तर ५६. आजच्या सूत्रानंही ५६ च येतं. पिरॅमिड बांधताना काम चालू असेपर्यंत तो रोज ट्रंकेटेडच असतो, म्हणून आज किती दगड लागला हे सांगायला त्यांना हे गणित हवंच होतं असं मला वाटतं.

भूमितीतच पुढं गेलं की हा शब्द थेट शाहू स्टेडियमवर येऊन पोचतो.

कोल्हापुरात फुटबॉल काय आहे हे मी सांगायला नको. पाटाकडील, दिलबहार, खंडोबा, बालगोपाल, शिवाजी, प्रॅक्टिस. तालमींच्या नावानं पेठा विभागल्या जातात आणि मॅचच्या दिवशी गॅलरीत मुंगीला शिरायला जागा नसते. पण ज्या चेंडूसाठी हे सगळं, त्या जुन्या काळ्या-पांढऱ्या चेंडूचं भूमितीतलं नाव आहे ‘ट्रंकेटेड आयकोसाहेड्रन’. एकदा तो चेंडू मांडीवर घेऊन बसा आणि शिवण बघत जा.

आयकोसाहेड्रन म्हणजे वीस समभुज त्रिकोण जोडून झालेला घन आकार. त्याला बारा टोकं असतात आणि प्रत्येक टोकाशी पाच त्रिकोण येऊन मिळतात. कडा तीस. हा आकार टोकदार असतो, लाथेला चालणार नाही. आता प्रत्येक टोक छाटा, पण मोजून: कडेच्या एक तृतीयांशावर. जिथं टोक होतं तिथं आता सपाट जागा उरते, आणि तिथं पाच त्रिकोण भेटत होते म्हणून ती पंचकोनी होते. बारा टोकं, बारा पंचकोन. हे चेंडूवरचे काळे तुकडे. प्रत्येक त्रिकोणाचे तिन्ही कोपरे गेले म्हणून त्याचा षटकोन झाला. वीस त्रिकोण, वीस षटकोन. हे पांढरे तुकडे. एकूण बत्तीस.

आता शिवणीकडे या. दोन पांढऱ्या तुकड्यांच्या मध्ये जी शिवण आहे, ती मूळ आकाराच्या कडेचा उरलेला मधला हिस्सा आहे. अशा शिवणी तीस सापडतील. काळा आणि पांढरा जिथं भेटतात ती शिवण म्हणजे कापल्याची खूण. बारा पंचकोनांच्या पाच-पाच बाजू, म्हणजे साठ. दोन्ही मिळून नव्वद कडा आणि साठ कोपरे. तिथं काय होतं आणि कुठं छाटलं, हे चेंडू आपल्या अंगावर लिहून फिरतो. एक तृतीयांशाच्या अलीकडं किंवा पलीकडं कापलं असतं तर षटकोनाच्या बाजू सारख्या आल्या नसत्या, आणि अर्ध्यावर कापलं असतं तर मूळ कडेचा मागमूसच राहिला नसता.

अर्थात चेंडू शिवणारा कारागीर काही आधी वीस त्रिकोणांचा ठोकळा करून टोकं उडवत नाही. गुळाच्या रव्यासारखंच इथंही ‘छाटलेला’ हे समजून घेण्याचं साधन आहे. असे तेरा आकार आर्किमिडीजच्या नावानं ओळखले जातात, आणि त्यांतल्या सात जणांच्या नावात ‘ट्रंकेटेड’ आहे. ही लॅटिन नावं त्यांना केप्लरनं १६१९ मध्ये दिली. ग्रहांच्या कक्षा शोधणारा तोच केप्लर. १९७० च्या मेक्सिको वर्ल्ड कपमध्ये ‘टेलस्टार’ नावाचा बत्तीस तुकड्यांचा काळा-पांढरा चेंडू आला आणि जगभर फुटबॉल म्हणजे हाच आकार ठरला. २००६ पासून वर्ल्ड कपच्या चेंडूचे तुकडे कमी झाले, पण भिंतीवर चित्र काढायला सांगा, पोरगं आजही तेच काळे पंचकोन काढेल.

आणि निसर्गानं हा आकार आपल्याआधी केलेला आहे. १९८५ मध्ये अमेरिकेतल्या राइस विद्यापीठात क्रोटो, कर्ल आणि स्मॉली यांना साठ कार्बन अणूंचा एक रेणू सापडला, प्रत्येक कोपऱ्यावर एक अणू, हुबेहूब फुटबॉल. त्याबद्दल त्यांना १९९६ चं रसायनशास्त्राचं नोबेल मिळालं.

इथपर्यंतचं छाटणं देखणं होतं. आकड्यांतलं छाटणं मात्र जपून हाताळायला हवं, कारण तिथं ते दिसत नाही.

समजा म्हशीच्या दुधाची फॅट ६.४७ आहे आणि कागदावर एकच दशांश लिहायचा आहे. जवळचा आकडा घेतला, तर ६.५ लिहिणार. पण पुढचा आकडा सरळ टाकून दिला, तर ६.४. पहिल्याला आपण पूर्णांकन म्हणतो, इंग्रजीत राउंडिंग. दुसरं ट्रंकेशन. ६.४१ असेल तर दोन्हीकडं ६.४ च येईल, म्हणून एखाद-दुसऱ्या दिवशी फरक कळत नाही. पण पूर्णांकन कधी थोडं वर नेतं, कधी खाली, आणि महिनाभरात ते फिट्टंफाट होतं. ट्रंकेशन नेहमी खालीच नेतं. एका दशांशावर छाटलं तर सरासरी ०.०५ दर खेपेला जाते, आणि ती कधीच परत येत नाही. ज्याला दूध घालायचं आहे त्यानं आपल्या स्लिपवर शेवटचा आकडा कसा आला हे जरूर विचारावं. (उणे आकड्यांत चित्र उलटतं: उणे ३.७ छाटला तर उणे ३ होतो, म्हणजे किंमत वाढते. छाटणी आकड्याला शून्याकडे ओढते, खाली नव्हे.)

हे किती महागात पडू शकतं त्याचं उदाहरण कॅनडातलं आहे. व्हँकुव्हरच्या शेअर बाजारानं जानेवारी १९८२ मध्ये नवा निर्देशांक १००० अंकांवर सुरू केला. प्रत्येक सौद्यानंतर तो नव्यानं काढला जाई, दिवसाला सुमारे तीन हजार वेळा, आणि दर वेळी तीन दशांशांनंतरचे आकडे पूर्णांकन न करता छाटले जात. एका वेळी जाई तो अंकाच्या हजाराव्या भागाहूनही कमी. दिवसाचा मात्र अंक-दीड अंक. बाजार बरा चालला होता, निर्देशांक घसरत होता, आणि नोव्हेंबर १९८३ मध्ये एका शुक्रवारी तो ५२४.८११ वर बंद झाला. चूक दुरुस्त करून सोमवारी उघडला तेव्हा तो १०९८.८९२ होता. अर्ध्याहून जास्त आकडा शेपट्या छाटण्यात गेला होता.

अक्षरांचं छाटणं मराठी माणसाला विशेष जाचतं. कॉम्प्युटरला नाव ठेवायला ठरावीक जागा दिलेली असते. नाव मोठं झालं की तो शेवट कापतो. इंग्रजीत एक अक्षर कापलं तर एक अक्षर जातं. देवनागरीत तसं नाही. ‘कोल्हापूर’ आपण को, ल्हा, पू, र असं चार अक्षरांत म्हणतो. कॉम्प्युटरच्या हिशेबात ती नऊ चिन्हं आहेत: क, ओकाराची मात्रा, ल, हलंत, ह, काना, प, दीर्घ उकार, र. आणि सर्वांत प्रचलित पद्धतीत प्रत्येक चिन्हाला तीन बाइट (कॉम्प्युटरमधल्या जागेचं माप) लागतात, म्हणजे सत्तावीस. चार चिन्हांवर छाटलं तर पाय मोडलेला ‘कोल्’ उरतो. दहा बाइटवर छाटलं तर ‘कोल’ येतं आणि त्यामागं चौकटीतलं प्रश्नचिन्ह, कारण चौथ्या चिन्हाचा तिसरा हिस्साच आत राहिला. साध्या एसएमएसमध्ये इंग्रजीची १६० अक्षरं मावतात आणि मराठीची फक्त ७० चिन्हं, तेही याच कारणानं टोचतं. आपल्या लिपीसाठी सॉफ्टवेअर लिहिणाऱ्यांनी अक्षराच्या सांध्यावरच कापलं पाहिजे, हे मी आग्रहानं सांगेन. ऊस तोडणाऱ्यालाही कोयता कुठं मारायचा ते कळतं.

डेटाबेसवर काम करणाऱ्यांना ‘ट्रंकेट’ ही आज्ञा माहीत असते. ती कोष्टकातल्या सगळ्या ओळी एका फटक्यात उडवते, रकाने आणि चौकट मात्र जागच्या जागी राहतात. ‘डिलीट’ म्हणजे एकेक पान खुडणं, ‘ड्रॉप’ म्हणजे मुळासकट उपटणं, आणि ‘ट्रंकेट’ म्हणजे खोड ठेवून बाकी सगळं सपाट. नाव ठेवणाऱ्यानं शब्द जाणून ठेवला आहे. बऱ्याच डेटाबेसमध्ये ही छाटणी मागे घेता येत नाही, तेव्हा हात सांभाळून.

शब्दाच्या शेजाऱ्यांची ओळख थोडक्यात. ‘अब्रिज्ड’ म्हणजे संक्षिप्त. तिथं सगळीकडून थोडं थोडं कमी करून आशय राखलेला असतो, टोक उडवलेलं नसतं. ‘कर्टेल्ड’ म्हणजे मुदत किंवा अधिकार कमी केलेला. त्यातलं ‘टेल’ म्हणजे शेपूट वाटतं खरं, पण मूळ फ्रेंच शब्द ‘आखूड’ अशा अर्थाचा. शेपूट छाटलेल्या घोड्याला तो लावत, आणि घोड्यामुळं लोकांनी स्पेलिंगमध्ये शेपूट घुसवलं. आणि आपल्या इंग्रजी पेपरांत सुट्ट्यांमुळं बाजार कमी दिवस चालला की त्या आठवड्याला ‘ट्रंकेटेड वीक’ म्हणतात. सुट्टी शुक्रवारी असेल तर ठीक. बुधवारी असेल तर आठवडा मधूनच फाटला, छाटला नाही. तिथं हा शब्द मला सैल वाटतो.

राहिला मामांचा चेक.

पूर्वी आपण चेक भरला की तो कागद खरोखर फिरायचा. कोल्हापुरातल्या बँकेतून क्लिअरिंग हाउसला, तिथून ज्या बँकेचा असेल तिच्याकडं, बाहेरगावचा असेल तर टपालानं किंवा कुरिअरनं, आणि मग पैसे. रिझर्व्ह बँकेनं २००८ च्या फेब्रुवारीत नवी दिल्लीत नवी पद्धत सुरू केली आणि पुढं ती देशभर नेली. आता ज्या बँकेत आपण चेक भरतो, तिथंच कागदाचा प्रवास संपतो. बँक त्याची तीन चित्रं घेते, पुढच्या बाजूची दोन आणि मागची एक, आणि खालच्या पट्टीवरचे आकडे वाचून चित्रांसोबत पाठवते. त्या पट्टीवरच्या नऊ आकडी कोडचे पहिले तीन आकडे शहराचे असतात; कोल्हापूरचे ४१६, आपल्या पिनकोडसारखेच. कागद भरणाऱ्या बँकेतच दहा वर्षं जपून ठेवला जातो. पैसे देणाऱ्या बँकेला फक्त चित्र दिसतं, म्हणून रकमेत किंवा नावात खाडाखोड नको, कारण कुणी खोडलं आणि कधी, हे चित्रावरून पारखता येत नाही.

म्हणजे छाटला तो चेक नव्हे, चेकचा प्रवास. कायद्यातही ‘ट्रंकेटेड चेक’ अशी व्याख्या २००२ च्या दुरुस्तीत आली आहे, आणि तिचा गाभा हाच: चित्र तयार झालं की कागदाची पुढची हालचाल बंद.

हे सगळं मी मामांना गुऱ्हाळात रव्यांच्या रांगेसमोर बसून सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, “मग शेंडा मारला म्हण की. वाट निम्मीच ठेवली.” मी वर्षानुवर्षं ट्रंकेटेडला मराठी शब्द शोधत होतो. तंबाखूच्या झाडाचा शेंडा खुडतात तेव्हा आमच्याकडं हेच म्हणतात.

नवा चेक चार दिवसांनी आला. मामांनी तो आधी खिडकीच्या उजेडात धरला, कारण मी सांगितलं होतं की कागदाच्या पोटात ‘सीटीएस इंडिया’ अशी अक्षरं दिसतात. दिसली. मग अक्षरी रक्कम बोट लावून वाचली, ‘छत्तीस’ एकदाच लिहिलेलं होतं, आणि चेक घडी न घालता वहीत ठेवला.